तेल्याच्या तोंडावरचा रंग

कोल्हापूर, १४ फेब्रुवारी १९४३

आजही नोकरच. खांद्यावर पंचा, हातात तपेली, उंबऱ्यात अडखळून पडायचं. पडलो. मास्तर, म्हणजे आमचे दिग्दर्शक, खूश. "गुरलिंग, तुझ्यागत पडणारा हिकडं दुसरा न्हाई." शाबासकी मिळाली तीही पडल्याची. मुरुमला, आमच्या गावी, घाण्याच्या बैलामागं फिरत होतो, इथं सिनेमात पडतो. बढतीच म्हणायची.

पण जेवताना बाजूला घेतलं. पुढच्या चित्रात भित्र्या कारभाऱ्याचं काम आहे. चांगलं लांबलचक, हसवायचं. म्हणाले, "आवाज शोध. वरनं रुबाब पायजे, आतनं नुसता भुस्सा."

शोधायचा कशाला? कधीचा कानात बसलाय.

१५ फेब्रु.

डोक्यात दुसरं काही येईना. एकदा लिहून टाकतो, म्हणजे कामाच्या वेळी मधे येणार न्हाय.

भाऊसाहेब. आमच्याकडच्या नाटक कंपनीचा मालक, नायकही तोच. (यापुढं नुसतं भा. पुरं नाव लिहून शाई वाया घालवणार न्हाय, आणि इथं तरी अहोजाहो करणार न्हाय.) मी त्याच्याकडं दिवाबत्तीला. बत्त्यांत तेल घालायचं, काचा पुसायच्या. मुरुमच्या जत्रेत विनोदी नट पिऊन पडला. भा. म्हणाला, जा रे तू. गेलो. तोंडाला पहिल्यांदा रंग. हशा पडला. परत पडला. मग भा. रडायच्या प्रवेशात रडतोय आणि लोक माझी वाट बघताहेत.

अंक संपता संपता भा. ओलं फडकं घेऊन आला. माझी मान धरली, आणि सगळ्या जत्रेसमोर माझं तोंड पुसलं. "मंडळी, तेल्याच्या तोंडावर रंग टिकत नाही!"

पाण्यानं रंग निघत न्हाय, फरफटतो. काळा, तांबडा, पांढरा, सगळा चिखल झाला. ते तोंड बघून जो हशा पडला तसला मी आजवर मिळवलेला न्हाय. अप्पा पुढंच बसले होते. पोराचं काम म्हणून नवा फेटा बांधून, भावकी गोळा करून. उठले आणि गेले. तो फेटा परत डोक्याला लावला न्हाय. माझं कामही परत बघितलं न्हाय. आता बघायला ते न्हाईतच.

आणि रंगाखाली आधी तेलच लागतं! तेलाचा हात फिरवल्याशिवाय रंग लावला की तडकतो. काढायचा तोही तेलानंच. हे भा.ला ठाऊक नव्हतं काय?

३ मार्च

तालमीत आवाज काढला. मास्तर खुर्चीवरून घसरले.

भा.ची खोड अशी. आधी नाकातून "हं!". मग वाक्य दणक्यात सुरू, आणि शेवटचा शब्द दोनदा. "चहा आण, आण." "मला सगळं कळतं, कळतं." दुसऱ्यांदा म्हणताना आवाज पडतो, पहिल्या शब्दावर स्वतःचाच भरवसा नसल्यागत. ही खोड मनातलं बोलतानाच. नाटकातलं पाठ भाषण म्हणताना एकदाही न्हाय. तिथं नुसती तलवार.

मास्तर: "कुणाचा रं ह्यो आवाज?"

मी: "देवानं दिला, मास्तर."

कारभारी चोर बघून खाटेखाली शिरतो आणि तिथून म्हणतो, "मी काही भ्यालो नाही, नाही!" हे वाक्य मी घातलं. राहिलं.

९ ऑक्टोबर

चित्र लागलं. थेटरात दुसऱ्या वर्गात, तोंडावर उपरणं घेऊन बसलो. लोक लोळत होते. घरी येताना टांगेवाला घोड्याला म्हणाला, "मी काही भ्यालो नाही, नाही!" घोडं पण थांबलं.

सगळे हसले. तरी पोट भरलं न्हाय. कोल्हापूरला काय माहीत आपण कुणाला हसतोय ते. मुरुम हसलं पाहिजे.

२ डिसेंबर

मुरुमहून शिवलिंगदादा आला, चुलतभाऊ. ज्वारीच्या कामानं सोलापूरला आला होता, तिथून वाट वाकडी करून. पिठलं-भाकरी खाता खाता बातमी दिली. भा.ची कंपनी बुडाली. बोलपटानं खाल्ली. पेट्या गेल्या, तलवारी गेल्या. राजवाड्याचा पडदा एका अडत्यानं घेतला, तुरीच्या पोत्यांवर टाकायला.

"आणि भाऊसाहेब?"

"मुरुमलाच हायत. देवळामागं एक खोली घेतलीया. शेला सोडला न्हाय अजून. बाजारात वांगी घ्यायला पण शेला."

मी दादाला आणखी पिठलं वाढलं. ही म्हणाली, एवढे खूश कशानं झालात? सांगितलं, पिठलं झकास झालंय. खोटं बोललो. खारट होतं.

निघताना दादा: "काकीनं विचारलंय."

"काय?"

"पुसलंस का? एवढंच म्हणाली."

काकी म्हणजे माझी आई, अव्वा. अप्पा गेल्यापासून तिचा हाच एक प्रश्न. भा.चं तोंड पुसलंस का.

सोलापूर, ११ जानेवारी १९४४

करीमभाईला गाठलं. तंबूतला सिनेमा घेऊन निजामाच्या मुलखात गावोगाव फिरतो. आमचं चित्र त्याच्याकडं आहेच. म्हटलं, मुरुमला लाव, मी स्वतः येतो. नट येणार म्हटल्यावर त्याचा तंबू तिथंच फुगला. एकच अट घातली. पुढं एक खुर्ची, त्या खुर्चीवर भाऊसाहेब.

सगळं ऐकून घेतलं आणि मिशीत हसला. "क्या बोलते मियाँ, ये दुश्मनी है कि दावत?"

"दोन्ही."

२ फेब्रु., नळदुर्गच्या वाटेवर

करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यावर अडवलं. निजामाचा शिपाई फिल्मचे डबे उघडून बघायला लागला. करीमभाईचा जीव वर. मी शिपायाला विचारलं, कभी हँसे नहीं क्या जनाब? आणि तिथंच खाटेखालचा कारभारी करून दाखवला, उर्दूत. आत बसलेला जमादार बाहेर आला. परत करायला लावलं. डबे सुटले.

भा.चा आवाज सरहद्दीवर पण चालतो. हलकट.

मुरुम, ४ फेब्रु.

अव्वा थकलीय. कानडी-मराठी एकात एक कालवून बोलते. मला बघून तोंडावरून हात फिरवला, रंग राहिलाय का बघितल्यागत. "पुसलंस?"

"उद्या, अव्वा. सगळ्या मुरुमसमोर."

"बा मगा," म्हणाली, ये बाळा, आणि जेवायला वाढलं. जेवताना दोघंही खूश.

दुपारी भा.कडं आवतण द्यायला गेलो. म्हातारा झालाय. पण पाठ ताठ, शेला खांद्यावर. हात जोडून म्हटलं, मी सिनेमात काम करतो, उद्या तुम्ही पुढच्या खुर्चीवर बसावं अशी सगळ्यांची इच्छा आहे.

"हं! सिनेमा. येऊ, येऊ."

मग राहवेना. "आपली कुठं गाठ पडल्याचं आठवतं का?"

शेल्याची घडी सारखी केली. "आठवत नाही."

एवढं करून आठवत पण न्हाय! परत येताना पाय जमिनीवर आपटत आलो.

६ फेब्रु.

काल लिहायचं अवसान नव्हतं.

तंबू गच्च. बाया एका अंगाला, गडी एका अंगाला. भा. मधोमध, काठीवर हात. मी कडेला, पडदा न्हाय तर त्याचं तोंड बघायला.

माझा कारभारी आला. "हं!" केलं. मग मागून कुणीतरी ओरडलं, "आरं, ह्ये तर भाऊसाहेब!" पुढं काय झालं ते लिहिता येत न्हाय. माणसं एकमेकांच्या अंगावर पडून हसली. सगळ्या माना खुर्चीकडं. भा. हलला न्हाय. मला वाटलं, अप्पा, बघा.

करीमभाईचं मशीन एकच. एक रीळ संपलं की बत्ती लावायची, दुसरं चढेस्तोवर लोक चिवडा खातात, पोरं रडतात. बत्ती लागली आणि भा. उठला. जाणार. अप्पा गेले तसा सगळ्यांसमोरून उठून जाणार. याचीच तर वाट बघत होतो मी.

गेला न्हाय. शेला सावरला, लोकांकडं तोंड केलं. "हं! मंडळी, पडद्यावरचा बरा करतो. पण खाकरतो कुठं? माझं खाकरणं विसरला, विसरला."

आणि खाकरला. आणि नुकताच बघितलेला सगळा प्रवेश, खाटेसकट, उभ्या उभ्या करून दाखवला. एकदा ऐकून! "मी काही भ्यालो नाही," म्हणाला आणि थांबला. सगळ्या तंबूनं मिळून म्हटलं, "नाही!"

वन्समोर पडला. दुसरं रीळ चढून तयार, पण लोक बत्ती विझवू देईनात. पुढं सगळं चित्रभर तेच. पडद्यावर मी धडपडतोय आणि लोक रीळ कधी संपतंय त्याची वाट बघताहेत.

बाहेर पडताना बायांत बोलणं चाललं होतं. "म्हातारा गुरलिंगाची नक्कल लई भारी करतो गं."

माझी. नक्कल. तो!

अव्वा मागल्या बाजूला बसली होती. घरी येऊन दार लावून घेतलं. मग म्हणाली, "ह्येला पुसणं म्हंतोस व्हय?"

कोल्हापूर, २० एप्रिल

करीमभाईचा सांगावा आला. भा.ला त्यानं संगट घेतलंय. ईट गावाला लोक दोन-दोन खेळ बसले. तेरखेड्याला भा.च्या नावानं दारूकाम सोडलं, ते गावच फटाके बनवणारं, दारू घरचीच. करीमभाई कळवतो: "तुम्हारी दुश्मनी से मेरा तंबू चल रहा है, मियाँ, अल्ला तुम्हारी दुश्मनी सलामत रखे."

माझ्या सुडावर माझाच वैरी जेवतोय. आणि चांगला चापून जेवतोय.

१८ ऑगस्ट

नवीन चित्र. पोस्टमास्तरचं काम. मी वेगळा आवाज काढला, जरा चोंदलेला, बरा होता. मास्तर म्हणाले, नको, लोकांना तोच पायजे. तो "हं!"वालाच. याच्या आधीच्यातही तोच. आता मला पडायलाही सांगत न्हाईत, नुसतं शेवटचा शब्द दोनदा म्हण.

घरी हिला म्हटलं, पाणी दे, दे. ही तांब्या घेऊन तशीच उभी राहिली. म्हणाली, "आता घरात पण तेच व्हय? मी भाऊसाहेबांशी लगीन केलेलं न्हाय."

तीन घास गिळले आणि उठलो.

३० डिसेंबर

आज मास्तरांनी भलतंच विचारलं.

पुढचं चित्र दोन भावांचं. दोघं दिसायला बोलायला सारखे, थोरला आणि धाकटा. खरं म्हणजे दोन्ही कामं मीच करायची. पण लढाईमुळं कच्ची फिल्म मापात मिळते, आणि एका माणसाचे दोन करायचे म्हटलं की फिल्म फार जाते. मास्तर म्हणाले, "तुमच्या मुलखात एक म्हातारा हाय म्हणं तंबूत. तुझी नक्कल हुबेहूब करतोय. थोरला भाऊ त्येला दिऊया का? तुजं मत सांग. तू न्हाई म्हणलास तर न्हाई."

न्हाई म्हणायला तोंड उघडलं. आणि फडकं आठवलं.

भा. येणार. रंगाच्या खुर्चीत बसणार. मी त्याच्या शेजारी उभा.

"बोलवा," म्हटलं. "मुरुमच्या जवळपास कुठं शूटिंग ठेवता येईल का, मास्तर?"

नळदुर्ग, ५ मार्च १९४५

किल्ल्यात तळ पडलाय. हैदराबादेहून परवानगी आली, बरोबर एक अंमलदार. तो सगळ्यात नाक खुपसतो आणि कामात कशातच न्हाय. मुरुम इथून जवळ, म्हणून बैलगाड्यांवर बैलगाड्या येताहेत. तटावर माणसं बसतात, खाली आम्ही. जत्राच.

भा. काल आला. शेला तोच, धुऊन धुऊन विरलेला. मला बघून, "हं! धाकटे बंधू!" आणि मिठीच मारली, मारली.

(वरचं मी लिहिलं. खोडत न्हाय. राहू दे.)

रंगवाला तापानं पडलाय. मास्तरांना म्हटलं, उद्या भाऊसाहेबांचा रंग मी करतो. जुना दिवाबत्तीवाला आहे, सगळं येतं.

६ मार्च, सकाळ

काल जेवताना पंगतीत गोष्टी निघाल्या. मास्तरांनी भा.ला विचारलं, तुमच्या जन्मातला सगळ्यात मोठा हशा कुठला?

भा. म्हणाला, "हं! मुरुमच्या जत्रेतला. एका पोराचं तोंड पुसलं होतं मी, भर प्रयोगात. तसा हशा परत नाही, नाही."

"कोण होता पोरगा?"

"कोण जाणे. दिव्यांत तेल घालायचा."

सगळे हसले. मीही. सगळ्यात मोठ्यानं मीच. घास तोंडात तसाच.

अंथरुणावर पडलो आणि कानात काहीतरी टोचत राहिलं. "नाही" दोनदा म्हणाला. "कोण जाणे" एकदाच. पाठ केलेलं असलं की एकदाच. मग आठवलं, मुरुमला खोलीत "आठवत नाही" म्हणाला, तेही एकदाच.

ठाऊक आहे त्याला. पहिल्यापासून ठाऊक आहे. खुर्चीवर बसला तेव्हा, उठून खाकरला तेव्हा, परवा मिठी मारली तेव्हा. वाक्य घोकून तयार होतं.

त्याच दिवशी, दुपार

अव्वा आली, दादाच्या गाडीतून. कमरेची पिशवी सोडली आणि एक लांब पट्टी काढून माझ्या हातात दिली. अबोली रंगाची. ऊन न लागलेल्या घडीत रंग अजून नवा. अप्पाचा फेटा. फाडून आणलाय.

"ह्येनं पूस," म्हणाली आणि दादाचा हात धरून तटावर चढली. एवढं वय झालंय, पण मधे कुठं बसली न्हाय. पुढच्या कडेला जाऊन बसली, सगळं मुरुम तिच्या मागं.

भा.ला खुर्चीत बसवलं. आधी तेलाचा हात फिरवायचा तो फिरवला न्हाय. कोरड्याच तोंडावर रंग चढवला. त्याला कळलं असणार, सगळा जन्म रंगात गेला. दुसरा गाल पुढं केला.

ऊन कडक. पहिला शॉट व्हायच्या आत गालावर रंग तडकला. मास्तर ओरडले, गुरलिंग, ते नीट कर. तेवढ्यात सूर्यावर ढग आला आणि मास्तरांनी सगळं थांबवलं. ढग सरेस्तोवर सगळे उभे. मी रंगाच्या पेटीवर वही ठेवून हे लिहितोय.

पेटीवर तेलाची वाटी. वाटीशेजारी अप्पाची पट्टी, पाण्यात भिजवून पिळलेली. तेलाचं बोट फिरवलं की भेगा मिटतात, कुणाला काही दिसत न्हाय. पट्टी फिरवली की चिखल, आणि तटावरचा हशा पार बोरी नदीपलीकडं जाईल.

भा. खुर्चीत डोळे मिटून. तोंड वर केलंय, माझ्याकडं. आत्ता म्हणाला, हळू, मलाच ऐकू येईल असं, "गुरलिंगा, रंग तडकला. तुझ्या हातानं होईल ते कर, कर."

दोनदा म्हणाला.

वर अव्वा पदर डोळ्यावर धरून बघतेय. अप्पा असते तर कुठं बसले असते? पुढंच.

तटावर उजेड सरकायला लागला. मास्तरांची हाक आली, आली.